नाव काढलं

हात खांद्यावरून तिरपा खाली आला, कमरेपर्यंत. थांबला. मग परत वर गेला.

मला वाटलं, शाबासकी आहे.

मी तेव्हा सहावीत. पण उंचीनं बापाच्या वर गेलेलो. ॲरिझोनातल्या चँडलरच्या एका शाळेची जिम मराठी मंडळानं गणपतीसाठी भाड्यानं घेतली होती. बास्केटबॉलचे बोर्ड वर छताला दुमडून ठेवलेले, खाली मखर, रांगोळी, मोदकांचे ट्रे. मखर उंच झालं होतं, मूर्ती वर ठेवायला उंच माणूस पाहिजे होता. कुणीतरी मला पुढं ढकललं. मी झब्ब्याला हात पुसले. नवीन झब्बा होता. फार खूश होतो हो मी.

तेवढ्यात काका आले. काका म्हणजे मंडळाचे सर्वेसर्वा. फार वर्षांपूर्वी आलेले, मोठं घर, मोठा आवाज. माझे बाबा कॉम्प्युटर चिप्सच्या कंपनीत इंजिनियर, आणि काका त्याच कंपनीत बाबांच्या साहेबाचे साहेब. त्यांनी माझ्या पाठीवरून तो हात फिरवला. बोटं जरा दाबून. चेहऱ्यावरचं हसू हललं नाही. मग शेजारच्या काकूंना हळूच म्हणाले, "ह्याला नको. दुसरं कुणी बघा."

आणि मला, मोठ्यानं, इंग्रजीत, "पार्किंगमध्ये जा, चॅम्प. उंच मुलगा हवाच होता तिथं."

चॅम्प! अंगावर नारिंगी जाकीट चढवलं आणि उन्हात उभं केलं. ॲरिझोनाचं ऊन. डांबर चपलेला चिकटत होतं. दूर वाळवंटाच्या कडेला धुळीची भिंत उठली होती, तपकिरी, हळूहळू मोठी होणारी. लोक गाड्यांतून उतरत होते, पैठण्या सावरत आत पळत होते. मी हात हलवत होतो. इकडे लावा. तिकडे लावा. आत आरती चालू झाली. मला कुणी बोलावलं नाही.

घरी जाताना गाडीत मी बाबांना सांगितलं. त्यांनी विचारलं, "हात कसा फिरवला? नीट सांग." मी मागच्या सीटवरून त्यांच्याच पाठीवर फिरवून दाखवला. खांदा ते कंबर, तिरपा. बाबांनी गाडी बाजूला घेतली. काचेवर धूळ बसत होती.

आई बोलली. "दोरा पाहत होता तो तुह्या पाठीवर. जानवं. सांगा न पोराले, कायले लपवता?"

असं मला कळलं मी कोण आहे ते. रस्त्याच्या कडेला, धुळीच्या वादळात.

आम्ही नागपूरचे. आजोबा रेल्वेत गँगमन. त्यांचं नाव माधव. बाबांनी अमेरिकेला यायच्या आधी पासपोर्टवरून आडनावच गाळलं आणि वडिलांचं नाव आडनावाच्या जागी लावलं. माधव. गोड नाव. ऐकलं की लोक हसतात, बसायला जागा देतात. आमचं खरं आडनाव ऐकलं असतं तर हसू कुठं जातं ते बाबांनी कॉलेजात, होस्टेलात, पहिल्या नोकरीत पाहिलं होतं. घरात नियम होता, ते आडनाव काढायचं नाही. फोनवरसुद्धा नाही. निळ्या कोटातला, चष्म्यातला तो फोटो आईच्या कपाटात, साड्यांच्या मागं. आई सकाळी कपाट उघडायची, हात जोडायची, कपाट लावायची. आमचा तो नमस्कार खिडक्या बंद करून व्हायचा. आणि मंडळात आई मुकी. बाबांनी बजावलं होतं, "तिथं तुझं ते 'कायले' नको." नागपूरकडं सगळेच तसं बोलतात, पण बाबांना 'कायले'चीसुद्धा भीती. बाई घरात इतकी बडबडी, आणि तिथं नुसती मान हलवायची. याचा मला आजही संताप येतो.

तुम्ही म्हणाल, जानवं तर मंडळात निम्म्यांना नव्हतं. नव्हतंच. पण त्यांच्याकडं सांगायला आडनाव होतं, गाव होतं. आम्ही गोलगोल बोलायचो. गोलगोल बोलणाऱ्याची पाठ चाचपतात.

त्याच जिममध्ये मी खेळायला शिकलो. ती माझीच शाळा होती. गणपती उठले, बोर्ड खाली आले. उंच पोरगा म्हणून कोचनं मला बास्केटखाली उभं केलं, बास्केटकडं पाठ करून. या जागेचा खेळच असा की मागचा माणूस दिसत नाही. त्याचा हात पाठीवर असतो, त्यावरून ओळखायचं. दाबतोय की नुसता ठेवलाय. डावीकडं ढकलणार की उडी मारणार. कोच ओरडायचा, "डोळे मिट! पाठीनं बघ!"

मला ते पटकन जमलं. बाकीच्या पोरांना दोन सीझन लागले. मला का जमलं ते कोचला माहीत नव्हतं.

हायस्कूल झालं, कॉलेजची स्कॉलरशिप झाली. मोठ्या लीगनं कॉलेजनंतर मला घेतलं नाही, मग खालच्या लीगमध्ये. तिथं पहाटेची विमानं, बसमध्ये गुडघे छातीशी, स्वस्त हॉटेलात दोघांत एक खोली. माझ्या खोलीत एक काळा पोरगा होता, जॉर्जियाचा, गार्डच्या जागी खेळणारा. त्यानं एकदा माझी जर्सी वाळत घालता घालता विचारलं, माधव म्हणजे काय? कसं कोण जाणे, मी त्याला सगळं सांगून टाकलं. आयुष्यात पहिल्यांदा. त्यानं जर्सी दांडीवर टाकली. मग म्हणाला, "माझ्या पाठीवरचं नाव आमच्या मालकाचं आहे, ज्यानं आम्हाला विकत घेतलं त्याचं. खरं नाव काय होतं, कुणालाच माहीत नाही. तुला तुझं माहीत आहे, आणि तू लपवतोस?"

मला राग आला. यार, तुला काय कळतं, असं म्हणून मी टीव्ही लावला. पण ते डोक्यातून गेलं नाही.

आणि मग वरच्या लीगमधून बोलावणं आलं. छोटा करार. असा करार म्हणजे सकाळी फोन वाजला की आधी नंबर बघायचा, ठेवतात की हाकलतात. तरी खेळलो. टीव्हीवर दिसलो. मंडळाच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर धुमाकूळ. 'आपला माधव!' 'मराठी पाऊल पडते पुढे!' बाबा ते वाचायचे आणि फोन पालथा ठेवायचे. जितका मी खेळू तितके ते खचायचे. "जास्त इंटरव्ह्यू देऊ नकोस," म्हणायचे. "कुणी गाव विचारलं तर पुणे सांग." माझ्या पॉइंट्सची माझ्या बापाला भीती वाटायची. आई म्हणायची, "पोरगा टीव्हीवर, अन् बाप घामाघूम!"

भीती खोटी नव्हती. बाबांचं ग्रीन कार्ड कंपनीच्या नावावर अडकलेलं, वर्षानुवर्षं रांगेत. मी मोठा झाल्यावर माझ्या नावानं टाकलेला अर्जही अजून सुटलेला नव्हता. नोकरी गेली की गाशा गुंडाळायचा. मी इथं जन्मलो, मला कोण हात लावणार? पण आईबाबांचं घर, आयुष्य, सगळं काकांच्या मर्जीवर लटकलेलं.

सीझन संपला आणि काकांचा बाबांना फोन आला. मंडळ माझा सत्कार करणार होतं. त्याच जिममध्ये. काका म्हणाले, "बालपणीचे फोटो पाठवा, स्लाइड शो करतोय. मुंजीचा एक असेलच की. तो नक्की पाठवा."

मुंजीचा.

माझी पाठ चाचपल्याचं काका विसरले होते, की त्यांना बरोब्बर आठवत होतं? मला आजही सांगता येत नाही. बाबांना मात्र वाटलं, आपण पकडले गेलो.

दुसऱ्या दिवशी दुपारी मी किचनमध्ये पाणी प्यायला गेलो. बाबा टेबलाशी लॅपटॉप उघडून बसलेले. स्क्रीनवर एक चकोट केलेला पोरगा, सोवळं नेसलेला, हातात दंड, खांद्यावरून पांढरं जानवं. कुणाचा तरी पोरगा, इंटरनेटवरून उचललेला. त्याच्या मानेवर माझं तोंड. तिसरीतल्या शाळेच्या फोटोतलं. केस पुसून टाकलेले. बाबा झूम करून माझ्या हनुवटीची कड नीट जुळवत होते. रंग थोडा उजळ करत होते.

ते दचकले नाहीत. मला म्हणाले, "बघ रे, मान बरोबर वाटते का?"

माझे बाबा. नागपूरच्या कंदिलाखाली शिकून इंजिनियर झालेला माणूस. पार्किंगच्या उन्हात मला रडू आलं नव्हतं. इथं आलं.

मी म्हणालो, "डिलीट करा."

"एका संध्याकाळचा प्रश्न आहे. फाइल अडकलीय माझी."

"बाबा, डिलीट करा."

त्यांनी केला नाही. मी हात लांब करून केला. बाबा हात मांडीवर ठेवून नुसते बसून राहिले. आई दारात होती. तिनं लॅपटॉप मिटला आणि चहा टाकला.

सत्काराला जिम गच्च भरली होती. बोर्ड परत छताला. स्लाइड शोत मुंज नव्हती, त्या जागी काकांनी मंडळाच्या गणपतीचा फोटो टाकला होता. मग शाल, नारळ. काकांना आता माझ्या खांद्यापर्यंत पोचायला टाचा उचलाव्या लागल्या. शाल घातली आणि त्यांचा हात माझ्या पाठीवर आला.

मी डोळे मिटले. पाठीनं बघितलं. खांदा ते कंबर, तिरपा. बोटं जरा दाबून.

तोच हात. तसूभर बदललेला नाही.

माइकमध्ये काका म्हणत होते, "पोरानं नाव काढलं हो! माधवांचं नाव काढलं!"

नाव काढलं! टाळ्या पडल्या. मी माइक घेतला. म्हणालो, "काका, हात काढा. तिथं काही सापडणार नाही. माधव माझ्या आजोबांचं नाव. आडनाव आम्ही काढून ठेवलं होतं, तुमच्या या हाताला भिऊन. चाचपू नका, मीच सांगतो."

आणि सांगितलं. मोठ्यानं. वर आमचा नमस्कार घातला.

कुणाचं तरी पोर इंग्रजीत विचारत होतं, काय म्हणाला तो? बाबांची मान खाली. आणि मग आई उठली, मंडळात आजवर न बोललेली माझी आई. "अजून एकदा सांग न बे! मांगच्याईले आयकू नाही गेलं!"

मी परत सांगितलं.

काका हसले. "अरे, अमेरिकेत कसली जात? आम्ही मानतच नाही काही."

"मग शोधत काय होता?" मी विचारलं. कुणीतरी घाईघाईनं गाणं लावलं.

पुढचं आम्हाला ठाऊक होतं. ग्रुपवरून आमचे नंबर गेले. बाबांना मीटिंगची बोलावणी येईनाशी झाली. मग टीम बदलली. नवीन टीमला कामच नाही. आता कुठल्याही सोमवारी बोलावतील आणि ओळखपत्र काढून घेतील. मी म्हणालो, तक्रार करा. बाबा म्हणाले, "कशाची करू? पाठीवर हात ठेवल्याची?" ते माझ्याशी फार बोलत नाहीत. मी तुमच्या घरादाराला आग लावली असेल, बाबा. त्याचं मला वाईट वाटतं. केलं त्याचं वाटत नाही.

मी कोर्टात गेलो. आडनाव परत लावून घेतलं. जज्जबाईंनी विचारलं, बदलायचं कारण? मी म्हणालो, बदलत नाही, आमचंच आहे, परत घेतोय. टीमनं या सीझनसाठी परत छोटा करार दिलाय. जर्सी शिवणाऱ्यानं नाव बघून डोकं खाजवलं. लांब आहे. या खांद्यापासून त्या खांद्यापर्यंत गेलं.

काल बाबांचा फोन आला. "अजून वेळ आहे. काढून टाक ते."

"नाही, बाबा. काढायचं होतं तेवढं काढून झालं. आता लावणार."

ते आडनाव मी इथं लिहिलेलं नाही. मुद्दाम. काका, काकू, ग्रुपवरचे सगळे, मराठी वाचता ना? मग मॅचला या. मी बास्केटकडं पाठ करूनच उभा असतो. चाचपायचं कारण उरलेलं नाही.

वाचा.