लाल टोपीतलं बोट

युझावा गावात पोस्टमनपासून भाजीवालीपर्यंत सगळ्यांचं एकच म्हणणं. आसारींच्या साके-घरातल्या, म्हणजे तांदळाची दारू बनते त्या घरातल्या, उमेनो तोगाशीच्या उजव्या हाताच्या मधल्या बोटावर जी लाल लोकरीची टोपी असते ना, तिच्या आत थर्मामीटर आहे. डॉक्टर काखेत लावतात तसला, फक्त बारीक. नाहीतर सुरईच्या बुडाला नुसतं बोट लावून साके किती तापली हे कुणी सांगेल का? आणि तेही पन्नास वर्षं?

प्रस्तुत लेखिकेने ती टोपी काढून पाहिलेली आहे. उमेनोआजी दुपारची डुलकी घेत होती आणि लेखिका शेजारची, सोळा वर्षांची आहे, हे लक्षात घेऊन माफी असावी. आत बोट आहे. साधंच, जरा वाकडं, नख मुळापर्यंत कापलेलं. टोपी थंडीसाठी. बाकीच्या नऊ बोटांनी भांडी घासावी, बर्फ लोटावा, गारठून जावं. त्यांची कुणाला पर्वा नाही. हे एक कामाचं. झोपेतच आजी म्हणाली, "घाल परत. सर्दी होईल त्याला."

उमेनो एकोणिसाव्या वर्षी डोंगरापलीकडच्या गावातून इथे आली ती हिवाळी कामगारांचा भात शिजवायला. चौदा पुरुष आणि त्यांच्यावर कामादा नावाचा मुख्य कारागीर, ज्याचं बोलणं म्हणजे कुणीतरी लाकडं फोडतंय असं वाटावं. काम संपलं की त्याला एक सुरई ऊन साके लागायची. आता साके किती ऊन करायची याला इथे आकडे नव्हते, नावं होती: उन्हात ठेवल्यासारखी, अंगाइतकी, कोमट, कढत. कामादाला हवी असायची अंगाइतकी. उमेनोने नेलेली सुरई तो एक घोट घेऊन परत पाठवायचा. एकदा, दोनदा, तीनदा.

चौथ्यांदा ती सुरई घेऊन त्याच्यासमोर उभीच राहिली. "कोणाच्या अंगाइतकी?"

"काय?"

"अंगाइतकी म्हणता, पण कोणाच्या? माझं अंग बर्फात काम करून गार पडलंय. तुमचं चुलीसारखं तापलेलं. कोणाचं धरू?"

चौदा जणांचे भाताचे वाडगे हवेतच थांबले. कामादाने हातातला पेला खाली ठेवला, आणि लाकूड न फोडता, अगदी हळू म्हणाला, "झोपलेल्या पोराच्या."

तीन वर्षांनी उमेनोला मुलगा झाला. तो साके-घराच्या स्वयंपाकघरात टोपलीत झोपायचा, आणि ती आधी त्याच्या मानेला बोट लावायची, मग सुरईच्या बुडाला, मग परत मानेला. त्यानंतर कामादाकडून सुरई परत आली नाही. तो मुलगा आता एकोणपन्नास वर्षांचा आहे, सेंदाईत टायर विकतो, आणि नव्या वर्षाला घरी आला की बूट काढायच्या आत त्याच्या मानेला बोट लागतं. "आई, मी काय सुरई आहे का?" असं तो दरवर्षी म्हणतो. मान मात्र दरवर्षी पुढे करतो.

पुढे आसारींनी दर शनिवारी पाहुण्यांना साके चाखवण्याचा कार्यक्रम सुरू केला तेव्हा सुरया ज्यात तापतात त्या ऊन पाण्याच्या तांब्याच्या पातेल्याशेजारचं तिपाई-स्टूल आपसूक उमेनोचं झालं. एका वेळी सहा पाहुणे. समोर प्रत्येकाच्या तीन ताटल्या: धुरावलेल्या मुळ्याचं लोणचं, मिठात भाजलेला हाताहाता नावाचा समुद्रातला मासा, मिसोत म्हणजे सोयाबीनच्या आंबवलेल्या लगद्यात मुरवलेलं टोफू. मध्ये मध्ये प्यायला साधं पाणी, आणि एवढं एकच आपल्याला मिळतं म्हणून लेखिका तिथे तासन्‌तास पाणी पीत बसते आणि कान उघडे ठेवते.

चव कशी लागली हे उमेनो कुणाला विचारत नाही. ती चॉपस्टिक्सकडे बघते. पहिला घास लोक तिने सांगितलेल्या ताटलीतून घेतात, तो आज्ञाधारकपणा झाला. साकेचा घोट गिळल्यावर हात आपोआप कुठे जातो, ते तिला हवं असतं. हात माशाकडे गेला तर ती पुढची सुरई पाण्यातून लवकर काढते. मुळ्याकडे गेला तर जरा जास्त राहू देते, कारण धुराची चव ऊन साकेतच अंग सैल सोडते. पाहुण्याला वाटतं, वा, नेमकी मला हवी तशीच कशी आली!

आणि सगळ्या गप्पांना तिचं उत्तर एकच, "हं." पण हे हं तीन आहेत. छोटा हं म्हणजे तुम्ही बोला, मी ऐकत नाही. लांबलेला हंऽऽ म्हणजे बरोबर ओळखलंत. आणि नाकातून निघणारा तिसरा हं म्हणजे आता पाणी प्या. लेखिकेला तिन्ही येतात. मासळीबाजारात तिसरा काढून दाखवला तर बायका टोपल्या खाली ठेवून हसतात.

तर या हिवाळ्यात हारुनोबुने डबा आणला. हारुनोबु म्हणजे धाकटा मालक, बत्तीस वर्षांचा, तोक्योत शिकून आलेला, फार सभ्य. उमेनो त्याला सगळ्यांदेखत, लहान पोराला म्हणावं तसं, हारु-चान म्हणते, आणि त्याचे कान लाल होतात. डबा स्टीलचा, समोर लाल आकडे. आकडा दाबला की पाणी तेवढंच तापतं, अंशभरही इकडेतिकडे नाही.

"उमेनो-सान, तुम्ही आता दाराशी बसा ना, पाहुण्यांच्या स्वागताला. तिथे हीटर आहे. ऊब असते."

"म्हणजे आता मला तापवत ठेवणार?"

"तसं नाही हो. तुमच्या वयाला—"

"हारु-चान, येत्या शनिवारी दोघं शेजारी बसू. तुझा डबा आणि मी, पाहुण्यांसमोर. अंगाइतकी कोण बरोबर करतं ते बघ. डबा जिंकला तर मी दाराशी."

तोंडाने ती हे बोलली खरी, पण घरी जाऊन तिने नवऱ्याला विचारलं, "अहो, माझं बोट गार लागतं का तुम्हाला?" नवरा बर्फ लोटण्याची गाडी चालवतो आणि साकेच्या एका पेल्यात त्याचा टोमॅटो होतो. त्याने बोट हातात घेतलं, थोडा वेळ धरलं आणि म्हणाला, "माझाच हात गार आहे. मला काय कळणार?" उमेनोला यंदा खरंच काळजी होती. सकाळी ते बोट जागं व्हायला पूर्वीपेक्षा वेळ लावत होतं. तिने एकावर एक अशा दोन टोप्या चढवल्या आणि कुणाला सांगितलं नाही. दाराशी बसण्याचं तिला दुःख नव्हतं. पण दारातून कुणाचाच हात ताटलीकडे जाताना दिसत नाही.

शनिवारी सहा पाहुणे आले. त्यांत एक कुजिराई नावाचे तोक्योचे गृहस्थ होते, वही-पेन घेऊन. पहिल्याच थंड घोटाला त्यांनी डोळे मिटले. "यात मला ओलं शेवाळ जाणवतं. आणि दूरवर... पिकलेलं पेर."

"हं," उमेनो म्हणाली. छोटा.

त्यांच्या शेजारी ओनोदेरा नावाच्या बाई होत्या, लाजऱ्या. "मला बाई काही कळत नाही. छान आहे एवढंच."

"हंऽऽ."

कुजिराईंनी वहीत बघितलं, ओनोदेराबाईंकडे बघितलं, आणि शेवाळावर काट मारली.

मग स्पर्धा. हारुनोबुने लांब तारेचं थर्मामीटर आणलं. डब्यातून सुरई निघाली: पस्तीस. साकेच्या हिशेबात बरोब्बर अंगाइतकी. उमेनोने दोन्ही टोप्या काढल्या, बोट आपल्याच मानेला लावून जागं केलं, सुरईच्या बुडाला लावलं, थांबली, पुन्हा लावलं, आणि सुरई बाहेर काढली. हारुनोबुने तार बुडवली.

एकोणचाळीस.

 कुजिराईंच्या पेनचा तेवढा आवाज आला. हारुनोबुचे कान लाल झाले, आणि या वेळी हारु-चान कुणी म्हटलंही नव्हतं. त्याला जिंकायचं होतं, पण असं नाही.

"ओत," उमेनो म्हणाली.

"उमेनो-सान, राहू द्या ना."

"अरे ओत. तुझ्या डब्यातली एका पेल्यात, माझी दुसऱ्यात. माणसं काय सुरईला तोंड लावून पितात?"

पेले सकाळपासून मांडलेले, गार पडलेले, खोलीत श्वासाची वाफ दिसत होती, छपरावरचा बर्फ पाडायला माणसं आलेली म्हणून दार सताड उघडं. हारुनोबुने ओतलं आणि तार पेल्यात धरली. डब्याची साके एकतीस. उमेनोची पस्तीस.

"आता ह्यांना दे," उमेनोने ओनोदेराबाईंकडे मान वळवली. बाईंनी आधी डब्याचा पेला घेतला, "छान आहे," म्हणाल्या. मग उमेनोचा घेतला. हात मुळ्याकडे गेला, आणि पुन्हा गेला, आणि तिसऱ्यांदा गेला तेव्हा ताटली रिकामी होती आणि त्या स्वतःलाच हसत होत्या.

हारुनोबु हुशार आहे. पुढच्या सुरईला त्याने डब्यावर एकोणचाळीस दाबले. पण तोवर दार लागलं होतं, स्टोव्ह पेटला होता, पेले लोकांच्या हातात उबदार झाले होते. डब्याची अडतीस भरली. उमेनोने आपली आधीच काढली होती, पेल्यात ती पस्तीसच भरली.

तिसऱ्या खेपेला मात्र कुजिराईंनी नेमकं बोट बुडाला असतानाच विचारलं, "बोटाला नक्की काय जाणवतं हो? शेवाळ?" तिचं लक्ष उडालं. पेल्यात बेचाळीस.

"चुकलं," उमेनो म्हणाली आणि तो पेला स्वतःच पिऊन टाकला. चुकलेली साके ती पाहुण्याला देत नाही, ओतूनही टाकत नाही. ती कधी कधी मुद्दाम चुकते की काय, याबद्दल युझावात दोन मतं आहेत.

हारुनोबुने थर्मामीटर पुसलं आणि खिशात ठेवलं. "स्टूल तुमचंच," तो म्हणाला. "डबा परत पाठवतो."

"कशाला? असू दे कोपऱ्यात."

पाहुणे गेल्यावर लेखिकेला जोर चढला. "आजी, पैज लावते. तू जन्मात त्या डब्याला हात लावणार नाहीस."

"लावला तर?"

"तर छपरावरचा बर्फ वितळेपर्यंत तुझी नक्कल बंद. तिन्ही हं बंद."

"आणि नाही लावला तर?"

"तर मी वीस वर्षांची होईन, प्यायची परवानगी मिळेल, तेव्हा माझी पहिली सुरई तू तापवायचीस."

"ती तर तशीही तापवणार आहे. बरं, लागली."

तेराव्या दिवशी, शनिवारच्या आदल्या सकाळी, एरवी शनिवारखेरीज कुणी फिरकत नाही अशा त्या चाखण्याच्या खोलीतून घर्रघर्र आवाज येत होता. डब्यावर लाल आकडा: अडुसष्ट. आत पाण्यात दहा अंडी. उमेनो स्टुलावर बसून घड्याळ बघत होती. अर्ध्या तासाने तिने एक फोडलं. पांढरं जेमतेम थरथरत उभं, बलक मधासारखा. वर सोया सॉसचं पाणी, शेजारी अंगाइतकी ऊन साके. उद्याची चौथी ताटली तयार होती.

"आजी! बोट कुठे गेलं तुझं?"

"इथेच आहे." तिने लाल टोपी हलवून दाखवली. "पण अंड्याला बोट लावून काय कळणार? त्याच्या अंगावर टरफल आहे."

शनिवारी पाहुण्यांना ती अंडी फारच आवडली. हारुनोबु डब्यावर हात ठेवून असा उभा होता की जणू अंडी त्यानेच घातली. कुजिराई दुसऱ्यांदा आले होते, वही न घेता. त्यांनी लेखिकेला विचारलं, "तू म्हणे या उमेनो-सानची नक्कल फार छान करतेस? करून दाखव की."

लेखिका खिडकीतून समोरच्या छपराकडे बघत राहिली. चार फूट बर्फ होता, आणि अजून पडत होता.

"हंऽऽ," उमेनो म्हणाली.