दोरेसानी आणि पेरूची बाग

लोक आपल्या जन्मगावाला ज्या अर्थानं 'आमचं गाव' म्हणतात, त्या अर्थानं आम्ही म्हणत नव्हतो. ते गाव खरोखरच आमचं होतं. बंगळूरच्या पूर्वेला, हलसूर ओलांडून के. आर. पुरमकडे निघालं की वाटेत लागायचं. नाचणीची शेतं, पेरूच्या बागा, एक मोठं तळं आणि तळ्याच्या बांधाखाली पाऊणशे घरं. मराठ्यांची जहागीर इकडे होती तेव्हा आमचा कुणी पूर्वज देशावरून घोड्यावर बसून आला आणि त्याला हे गाव इनाम मिळालं. पुढे म्हैसूरच्या महाराजांनीही ते चालू ठेवलं. घोडा गेला, तलवार गेली, आमची मराठी कानडीत मुरून गेली, पण गाव राहिलं.

माझे वडील मात्र गावात राहत नसत. ते शहरात विमानांच्या कारखान्यात नोकरीला होते आणि आम्ही बसवनगुडीत भाड्याच्या घरात राहायचो. इनाम सांभाळायची ती वडिलांची थोरली बहीण. लग्नानंतर तिसऱ्याच वर्षी विधवा होऊन ती माहेरी परतली होती. तिला घरात, गावात सगळेच अक्का म्हणायचे. ती माझी आत्या, पण मीही अक्काच म्हणायची. कुळं मात्र तिला दोरेसानी म्हणत. कानडीत त्याचा अर्थ मालकीणबाई, राणीसाहेब, दोन्ही होतो.

अक्का उंच होती, आवाज बारीक होता आणि तो ती कधी चढवत नसे. सुगीच्या दिवसांत खळ्यावर तिच्यासाठी वेताची खुर्ची ठेवत. नाचणीची रास पडली की अर्धी इकडे, अर्धी तिकडे. ती मोजमापाकडे बघतही नसे, मोजणाऱ्याच्या तोंडाकडे बघे. गावच्या रथाच्या दोराला आमच्या घरच्या माणसाचा हात लागल्याशिवाय रथ हलत नसे, आणि घरात पुरुष हजर नसला तर तो हात अक्काचा असे. बाईचा हात कसा चालतो, असं कुणी विचारल्याचं मला आठवत नाही. कठोर होती, पण आजारी माणसाच्या घरी स्वतः काढा घेऊन जायची. लोक तिला भीत, आणि तिच्यावर अवलंबूनही असत. लहानपणी मला त्या दोन्हींत फरक दिसत नसे.

मी बारा-तेरा वर्षांची असताना सरकारनं इनामं रद्द केली. एका रविवारी वडील मला बरोबर घेऊन गावी गेले आणि त्यांनी अक्काला कायदा समजावून सांगितला. जी जमीन इनामदार स्वतः कसतो ती त्याच्या नावावर राहणार, जी कूळ कसतं ती कुळाची होणार. अक्कानं शांतपणे ऐकून घेतलं. धाकट्या भावाला, म्हणजे वडिलांना, ती कानडीत तम्मा म्हणायची. मग म्हणाली, "तम्मा, महाराजांनी दिलेलं महाराज परत मागतील तर देऊ. हे कोण मागणारे?" वडील म्हणाले, आता हेच महाराज. तिनं मला ताक आणायला पाठवलं आणि विषय तिथेच थांबवला.

पण ती गप्प बसली नव्हती. शहरातल्या एका वकिलाकडे ती जाऊन आली. अधिकारी पाहणीला येण्याआधी जितक्या कुळांकडून जमीन सोडल्याचं लिहून घेता येईल तितकं घ्या, मग ती जमीन तुम्हीच कसत होतात असं दाखवता येईल, असा त्यानं सल्ला दिला. बरीचशी कुळं बधली नाहीत. कायद्याची बातमी त्यांच्याही कानावर आली होती. काहीजण मात्र घाबरून किंवा सवयीनं अंगठा देऊन मोकळे झाले. तळ्याखालची पेरूची बाग तिला सगळ्यांत जास्त हवी होती. ती जमीन गावातली सर्वांत चांगली, तळ्याचं पाणी थेट पाटानं तिथे उतरायचं.

ती बाग कसणाऱ्याला आम्ही बागवालाच म्हणत असू. त्याच्या आजोबानं ती झाडं लावली होती. हा माणूस पन्नाशीचा, कमी बोलणारा, कानात सोन्याची बारीक बाळी. त्याची बायको बडबडी होती. मी गावी गेले की ती मला झाडावरच अर्धं पिकलेलं फळ शोधून द्यायची, आणि वरून मिठाची पुडी. अक्कानं त्याला बोलावून घेतलं आणि लिहून दे म्हणाली. तो म्हणाला, बाकी काहीही सांगा, हे सांगू नका. अक्कानं त्याला जायला सांगितलं.

त्यानंतर बागेचं पाणी बंद झालं.

तळ्याचा दरवाजा उघडणारा माणूस पिढ्यान् पिढ्या आमच्याच घरच्या हुकमातला होता. इतर पाट वाहत राहिले, तो एक कोरडा पडला. चैत्र लागला होता. बागवाला आणि त्याची बायको शेजारच्या शेतातल्या जुन्या पायऱ्यांच्या विहिरीतून घागरींनी पाणी आणून झाडांना घालू लागले. मोठ्या झाडांना घागरीचं पाणी काय पुरणार. पानं आधी करड्या रंगाची झाली, मग मुडपली.

एके दिवशी दुपारी बागवाल्याची बायको चालत बसवनगुडीला आमच्या घरी आली. आईनं तिला ओसरीवर बसवलं आणि पाणी दिलं. तिनं एवढंच सांगितलं, की अण्णांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, एकदा अक्कांशी बोलावं. वडील संध्याकाळी कारखान्यातून आल्यावर आईनं त्यांना सांगितलं, तेव्हा ते बराच वेळ पायमोजे हातात धरून बसले होते.

पुढच्या रविवारी आम्ही गेलो. माजघरात वडील आणि अक्का बोलत होते आणि मी दारात शेंगा सोलत होते. वडिलांनी नाना परींनी सांगून पाहिलं. शेवटी ते म्हणाले, "अक्का, झाडांनी काय केलंय?"

"झाडं माझी आहेत," ती म्हणाली. "माझी झाडं मी वाळवीन. तू पगारावर जगतोस तम्मा, तुला उद्या दुसरी नोकरी मिळेल. मला दुसरं गाव कोण देणार?"

आम्ही जेवून परत आलो.

वैशाखात बागवाल्याची बायको विहिरीच्या पायऱ्यांवरून घसरली. पाणी खूप खाली गेलं होतं आणि खालच्या पायऱ्यांवर शेवाळ होतं. जीव वाचला, पण खुबा मोडला. हलसूरच्या दवाखान्यात तिला बैलगाडीतून नेलं. ती पुन्हा कधी उभी राहिली नाही. मी तिला नंतर पाहिलं ते दारात चटईवर, एका कुशीवर. बोलणं मात्र तसंच होतं, त्यामुळे जास्त वाईट वाटायचं.

तिला दवाखान्यातून आणल्यानंतरच्या आठवड्यात बागवाला अक्काकडे आला. मी सुटीत तिथेच राहायला गेले होते. त्यानं जोडे बाहेर काढले, आत आला आणि स्वतःहून अंगठा पुढे केला. अक्कानं कारकुनाला बोलावून कागद करवून घेतला. या बागेत तो मजुरीनं काम करत होता, कूळ कधीच नव्हता, असं त्यात होतं. कारकुनानं ते मोठ्यानं वाचून दाखवलं. बागवाल्यानं मान हलवली, अंगठा उठवला आणि डोक्याच्या मुंडाशालाच शाई पुसली.

"दोरेसानी, आता पाणी सोडा," तो म्हणाला. "झाडं तुमचीच झाली."

अक्कानं त्याच संध्याकाळी पाणी सोडलं. निम्मी झाडं पुढच्या हंगामात फुटली, निम्मी तोडून जळणाला गेली. पुढे अधिकारी आला, त्यानं बाग पाहिली, कागद पाहिला, आणि बाग अक्काच्या नावावर झाली. गावातली बाकीची बरीच शेतं कुळांच्या नावावर झाली. त्या वर्षी रथाच्या वेळी अक्का गेली नाही. रथ तिच्याशिवायच हलला, असं आम्हाला नंतर कळलं. बागवाला बागेत मजुरीला राहिला, कारण जाणार कुठे.

असं काही वर्षं चाललं. मी कॉलेजात जाऊ लागले. शहर हलसूरच्या अलीकडे होतं ते पलीकडे आलं. विमानांचा कारखाना वाढला, त्याच्या पाठोपाठ आणखी कारखाने आले, आणि पुण्या-मुंबईकडून आलेली मराठी कुटुंबं घरं शोधत फिरू लागली. त्यांची मराठी ऐकून आम्हाला हसू यायचं आणि आमची ऐकून त्यांना. मग एका सकाळी गावात साखळ्या आणि लाल-पांढऱ्या काठ्या घेऊन मोजणीवाले आले. अक्कानं त्यांना ताक पाजलं. तिला वाटलं, रस्ता होत असेल. मोजणीवाल्यांतल्या एका तरुणानं सांगितलं, की नवीन वसाहत होणार आहे, त्यासाठी सरकारचं बोर्ड सगळी जमीन ताब्यात घेणार. अक्कानं विचारलं, सगळी म्हणजे कुणाकुणाची? तो म्हणाला, सगळ्यांचीच.

आक्षेप नोंदवायला ती शहरातल्या कचेरीत गेली तेव्हा मी तिच्याबरोबर होते. ओट्यावर, जिन्यात, बाहेर कडुलिंबाखाली माणसंच माणसं होती. अक्का सरळ खिडकीपाशी गेली. आतल्या कारकुनानं वर न बघता रांगेत उभ्या राहा म्हणून सांगितलं.

"मी या जमिनीची मालकीण आहे," अक्का म्हणाली.

"अम्मा, ही रांग मालकांचीच आहे," तो म्हणाला. तो काही उद्धटपणानं बोलला नाही.

आम्ही रांगेत गेलो. आमच्या पुढे गावातलाच एक म्हातारा होता, पूर्वीचं आमचं कूळ, कायद्यानं मालक झालेला. अक्काला पाहून तो सवयीनं बाजूला झाला आणि तिला पुढे जायला जागा दिली. त्याच्या तरण्या मुलानं त्याचा खांदा धरून त्याला परत जागेवर आणलं. अक्का त्या म्हाताऱ्याच्या पाठीकडे बघत दुपारपर्यंत उभी राहिली. घरी येताना रिक्षात तिनं फक्त पाय दुखतात म्हणून सांगितलं.

आक्षेपांचं काही झालं नाही. नाचणीची शेतं आधी गेली, मग बाग. ज्यांच्या नावावर जमीन होती त्यांना मोबदला मिळाला. तो फार नव्हता, पण मिळाला. बागवाल्याला काहीच मिळालं नाही, कारण कागदावर तो कूळ नव्हता. ज्या दिवशी झाडं पाडली त्या दिवशी तो पाडणाऱ्यांत होता, आणि पुढे गटारं खणणाऱ्यांतही. मजुरी रोख मिळायची.

वडील अक्काकडे गेले आणि म्हणाले, बागेच्या मोबदल्यातला वाटा त्याला दे. मी त्यांना इतकं ठाम बोलताना पूर्वी पाहिलं नव्हतं. अक्का म्हणाली, "तो कूळ नव्हता असं मीच लिहून घेतलंय. आता वाटा दिला तर मी खोटी ठरेन."

"खोटी तर तू आहेसच, अक्का."

एवढं बोलून वडील उठले. त्यानंतर त्यांनी स्वतः थोडीफार मदत देऊ केली, पण बागवाल्यानं ती घेतली नाही. तुमच्याशी माझा काही हिशोब नाही, म्हणाला. बायकोला घेऊन तो के. आर. पुरमच्या स्टेशनाजवळ एका झोपडीत राहायला गेला.

गाव राहिलं नाही तेव्हा अक्का आमच्याकडे बसवनगुडीला आली. आमच्याकडे तिच्या हाताखाली कुणी नव्हतं. भाजीवाली तिला अज्जी म्हणायची. सुरुवातीला ती आईच्या स्वयंपाकात चुका काढायची, नंतर तेही सोडून दिलं. एकोणीसशे साठच्या दशकाच्या शेवटी, एका हिवाळ्यात, ती न्यूमोनियानं गेली. आमच्या घराण्यातलं माणूस गेलं की गावात त्या दिवशी चूल पेटत नसे. अक्काच्या वेळी गावातलं कुणी आलं नाही. लोक चहूकडे पांगले होते, कळवायचं तरी कुणाला.

तेराव्यानंतर वडील म्हणाले, बागवाल्याला सांगायला हवं. आम्ही दोघं बसनं के. आर. पुरमला गेलो आणि विचारत विचारत त्याची झोपडी शोधली. बायको आदल्या वर्षीच गेली होती, हे आम्हाला तिथे कळलं. तो खूप वाकला होता. कानातली बाळी नव्हती. त्यानं आम्हाला बसायला पोतं अंथरलं आणि वडिलांचं सगळं बोलणं ऐकून घेतलं. अग्नी कुणी दिला, एवढं विचारलं. वडील म्हणाले, मीच.

"सरी," तो म्हणाला, म्हणजे बरं.

शेजारून मालगाडी गेली, ती संपेपर्यंत आम्ही थांबलो. मग त्यानं वडिलांना विचारलं, की जावई लिहायला-वाचायला शिकलेला आहे, तुमच्या कारखान्यात त्याला कुठे चिकटवता येईल का. वडील निवृत्तीला आले होते आणि भरतीत त्यांचा शब्द कुणी विचारत नव्हतं. ते म्हणाले, बघतो.

त्यांनी खरंच प्रयत्न केला. झालं नाही.