शेवटच्या डब्यातल्या वाती

वाचकांच्या गूढ अनुभवांचं हे सदर मी वाचते ते दुपारचा चहा घेताना, करमणूक म्हणून. वाचून झालं की नवऱ्याला सांगते, लोकांना कामं नाहीत. तेव्हा आज मीच लिहायला बसले आहे याचं सगळ्यात जास्त नवल मला आहे. भुतंखेतं, मुंजा, हडळ... यातलं काही मी मानत नाही. हे लिहून झाल्यावरही मानणार नाही. घडलं तेवढं सांगते.

नव्वद सालाच्या आसपासची गोष्ट. जळगावला मेहरूणच्या पलीकडे तेव्हा शेतंच्या शेतं एन.ए. होत होती. कपाशीच्या एका वावराचं लेआउट पडलं, त्यात आम्ही प्लॉट घेतला आणि घर बांधलं. सगळी मिळून चार-पाच घरं. बाकी नुसते सिमेंटचे खुंट, मुरुमाचे ढीग आणि बाभळी. आम्ही दोघंही सरकारी नोकरीत, मुलगी शिकायला पुण्याला.

सासरे गेल्यावर सासूबाईंना, म्हणजे माईंना, आम्ही धुळ्याहून घेऊन आलो. तिकडे ओट्यावर बसलं की येणारी-जाणारी दहा माणसं बोलायची. इथे दुपारभर कुत्रं भुंकलं तरी बरं वाटावं अशी गत. त्यातच माईंना अर्धांगाचा झटका आला. उजवा हात कायमचा गेला. आम्ही त्यांचं खाणं-पाणी खाटेजवळ ठेवायचो, मागच्या दाराला वरची कडी लावायचो, पुढून कुलूप घालून ऑफिसला जायचो. ऐकायला बरं वाटत नाही, पण दुसरा इलाज नव्हता. बाई ठेवावी तर एवढ्या लांब कोणी यायला तयार नसे.

माईंचा लाख वातींचा नेम होता. धुळ्यालाच सुरू केलेला. वळलेल्या वाती पत्र्याच्या डब्यांत भरून ठेवलेल्या. शेवटच्या डब्याचा तळ जेमतेम झाकला होता आणि हात गेला. वात वळायला दोन हात लागतात. मी म्हटलं, बाजारात तयार पुडे मिळतात, आणून देते. त्या तोंड फिरवून झोपल्या. एरवी त्या कशाला रडणाऱ्यातल्या नव्हत्या, पण हा नेम अर्धवट ठेवून जायची त्यांना भयंकर धास्ती होती.

मग हळूहळू त्या सुधारल्या. जेवायला लागल्या, मला टोमणेही मारायला लागल्या. म्हणाल्या, दुपारी एक अक्का येते मागच्या वावरातून, बसते, बोलते, वाती वळून देते. मागे वावर नव्हतं. प्लॉट होते. मी समजले, डोक्यावर परिणाम झालाय.

पण डबा भरत चालला होता.

आता मला वेगळीच काळजी लागली. कोणी बाई घरात शिरत असेल तर उद्या भांडीकुंडी जातील. म्हणून एकदा अर्धी रजा टाकून दुपारीच आले. पुढचं कुलूप जसंच्या तसं. मागची कडी आतून लावलेली. माईंचा हात तिथवर पोचतच नसे. माई खाटेवर टेकून बसलेल्या आणि मांडीवर ताज्या वातींचा ढीग. मी एक वात उलगडून बघितली. आमच्या घरात कापूस म्हणजे मेडिकलमधला निळ्या कागदातला बंडल. हा तसला नव्हता. शेतातला होता, सरकीचे काळे कण आणि वाळल्या पानाचा चुरा असलेला.

मी विचारलं, दुसऱ्याने वळलेल्या वाती नेमाला कशा चालतात?

"बाजारन्या चालतीस नही," माई म्हणाल्या. "ही सावड शे. आज ती मन्हं करस, सकाय मी तिन्हं करसू."

सावड म्हणजे शेतकरी एकमेकांच्या शेतात पाळीपाळीने राबतात ती; आज तिने माईंचं करायचं, उद्या माईंनी तिचं. माझं माहेर शेतीतलं, मला समजावून सांगायची गरज नव्हती.

पुढे मागचा प्लॉट जामनेरच्या चौधरींनी घेतला. धान्याचे व्यापारी, माणूस हसतमुख. त्यांनी घराआधी कंपाउंडच घालायला काढलं. माईंनी माझ्यामागे लकडाच लावला, त्यांना सांग, भिंतीत वाट ठेवा. मी लाज गुंडाळून गेले आणि विचारलं.

"वहिनी," चौधरी म्हणाले, "आज तुमच्या सासूबाईंच्या मैत्रिणीला वाट दिली, तर उद्या नगरपालिका तिथून डांबरी रस्ता दाखवेल."

त्यांचंही चूक नव्हतं. भिंत पुरी झाली, वर काचाही लावल्या. त्या संध्याकाळी माई एवढंच म्हणाल्या, "आते वाट बंद व्हई गयी." डबा पाऊण भरला होता, तिथेच थांबला. माई पुन्हा भिंतीकडे तोंड करून झोपायला लागल्या. दिवाळीच्या आधी गेल्या. शेवटी शेवटी बोलणं बंद होतं, नजर मात्र डब्यावर.

नणंद म्हणाली, नेम पुरा झाला नाही, वाती जाळता यायच्या नाहीत. मी डबे माळ्यावर टाकले.

पुढच्या वर्षी चौधरी राहायला आले. गावाकडचं घर बंद करून म्हाताऱ्या आईलाही आणलं. मोतीबिंदूने तिला समोरचा माणूस दिसत नसे. नवराबायको दोघं दुकानात, म्हातारी एकटी घरात. आमचाच कित्ता.

कार्तिक लागला आणि एका रविवारी चौधरींची बायको आमच्याकडे आली. हातात पदराखाली धरलेलं फडकं. आत वाती.

"आमच्या आईंनी दिल्यात," ती ओशाळून म्हणाली. "तुम्ही हसाल. आईंकडे म्हणे दुपारी दोघी येतात. एक उंच, शेतातली. दुसरी ठेंगणी, कपाळावर गोंदण. आधी ठेंगणी त्या उंच बाईला कापूस वेचू लागते, मग बसून या वळते. या पुढच्या घरात द्या, डबा कमी आहे, असं तिनेच सांगितलंय."

माईंच्या कपाळावर गोंदण होतं. चौधरींच्या घरातल्या कोणीही माईंना कधी पाहिलं नव्हतं. डब्याचं तर मी बाहेर कुणालाच सांगितलं नव्हतं.

मी विचारलं, कोणत्या हाताने वळते?

ती गोंधळली. "दोन्ही हातांनी, वहिनी. वात एका हाताने कशी वळणार?"

मी माळ्यावरून डबा काढला. तिच्यासमोरच वाती आत घातल्या. डबा काठोकाठ भरला, झाकण दाबून बसवावं लागलं. त्यातली एक वात आधी उलगडून पाहिली होती, तिच्यात सरकीचे तसेच काळे कण. तोवर आसपास मैलभर कपाशी उरली नव्हती, सगळे प्लॉट विकले गेले होते. त्रिपुरी पौर्णिमेला मी सगळ्या वाती देवळात नेऊन लावल्या. मानते म्हणून नव्हे. त्यांचं काम होतं, पुरं केलं.

याचा उलगडा मला तेव्हा झाला नाही, आजही नाही. आमच्या ह्यांना विचारलं तर ते पेपर वर धरतात.

त्यानंतरच्या आठवड्यात चौधरींनी गवंडी बोलावला आणि दोन्ही घरांमधल्या भिंतीतल्या विटा काढून लहानसं फाटक बसवलं. फाटक अजून आहे. त्याला कडी लावायची नाही असं आमचं दोन्ही घरांचं न बोलता ठरलेलं आहे.