थांबा म्हटलं की थांबणारा रस्सा

ये, अशी जवळ ये. खुर्चीच्या टोकावर काय बसलीस, पोरगी बघायला आल्यासारखी? सहा महिन्यांनी उगवतेस आणि वर विचारतेस, "मावशी, तुमचं ते स्वयंपाकाचं यंत्र कुठं गेलं?" माळ्यावर आहे. आमच्या घरात एका रविवारी वेळ थांबली, तेव्हापासून.

यंत्र आणलं माझ्या लेकानं, सागरनं. मटण-मसाला आत टाकायचा, बाकी परतणं, हलवणं, शिजवणं त्याचं ते करणार. शिजेपर्यंत झाकण काही उघडत नाही. "थांबा" म्हटलं की आतलं जेवण आहे तिथंच थांबणार, "चला" म्हटलं की पुढं चालू. "आई, जणू वेळच थांबते!" सागर म्हणाला. (ह्याला एकदा तरी वेळेवर उठताना बघितलंय का कुणी?)

त्या दिवशी बिद्रीहून आमचे व्याही येणार होते, सूनबाई पल्लवीचे वडील, आबा. लग्नात त्यांच्या थोरल्या भावाला फेटा बांधायचा राहिला (फेट्यांचं काम माझ्याकडंच होतं!), तेव्हापासून वर्षभर हा माणूस आमच्याकडं पाणीसुद्धा प्यायला नव्हता. "आई, आज आबा जेवले म्हणजे मिटलं सगळं," पल्लवी सकाळपासून घोकत होती.

मटण यंत्रात चढवलं आणि आबा आले, टेकले. मी म्हटलं, "थांबा, चहा टाकते." आतून एक बाई गोड आवाजात म्हणाली, "वेळ थांबवली आहे." मला वाटलं, टीव्ही!

तासाभरानंही ताट येईना, तसे आबा उठले. "चला, म्हशींची धार काढायची हाय."

"सुरू करते," आतली बाई.

"असं कसं? थांबा की पावणं!"

"वेळ थांबवली आहे."

"न्हाय न्हाय, चला."

"सुरू करते."

"थांबा म्हंते की!"

"वेळ थांबवली आहे."

आबा चमकले. "ही कोन बाई मधीमधी बोलतीया?"

पल्लवी आत पळाली, यंत्राच्या काचेच्या झाकणातून डोकावली आणि किंचाळली, "आई, मटण अजून कच्चंच आहे! तुम्ही थांबा म्हणू नका, थांबा म्हटलं की ते थांबतंय!"

"वेळ थांबवली आहे," बाई तिलाही म्हणाली.

"चला बाबा, चला!" आबा वैतागून दाराकडं वळले आणि रस्सा पुन्हा रटरटू लागला. आता थांबा म्हणावं तर मटण कच्चं, न म्हणावं तर व्याही रुसून बिद्रीला! मी पदर तोंडात कोंबून उभी. आबांनी एक चप्पल पायात सरकवली, माझ्याकडं बघितलं. "बघा, आता तोंडदेखलं बी अडवंनात!"

"बसा" असा एक साधा शब्द मराठीत आहे. तो मला आठवेल तर शपथ! मी झेप घेतली आणि त्यांची दुसरी चप्पल उचलून छातीशी धरली.

आबा आ वासून बघत राहिले. मग उंबऱ्यावरच बसले आणि पोट धरून हसले. "भावाला फेटा न्हाय, मला चप्पल न्हाय! ह्या घरात डोस्क्यापासनं पायापत्तोर कायच मिळत न्हाय व्हय!"

अर्ध्या तासानं जेवायला बसले. तीन वाट्या रस्सा ओरपला. पल्लवी डोळे पुसत भाकऱ्या करत होती, मी आग्रह करकरून वाढत होते. हात धुऊन आबा हळूच म्हणाले, "विहीणबाई, जेवान झ्याक. आता तेवढी काखंतली चप्पल द्या की!"

सगळी पंगत मी व्याह्यांची चप्पल काखेत मारून वाढली होती, बाई!

तर तूही लवकर ये जेवायला, येत्या रविवारीच ये. फक्त चप्पल जुनी घालून ये.