हज्जुम्मांच्या विहिरीचं पाणी

चेम्मनपाऱ्यात बाळ जन्मल्याचा निरोप आधी मशिदीत पोचायचा की बियात्तूकडे, यावर कुणी पैज लावली असती तर बियात्तूच जिंकली असती. ओस्सान लोकांच्या घरातली बाई ती. त्या घरातले पुरुष गावाच्या दाढ्या करायचे आणि बायका गावाची बाळंतपणं. आता बाळंतपणं इस्पितळात होतात हे खरं, पण घरी परतल्यावर चाळीस दिवस आई-बाळाला तेल चोळून न्हाऊ घालायला काही डॉक्टरीणबाई येत नाही. त्याला बियात्तूच लागायची.

गावात तोऱ्यात फिरणारे निम्मे पुरुष तिच्या मांडीवर मुतलेले होते, आणि ती ते कुणाला विसरू देत नसे. पंचायतीचा मेंबर एकदा चहाच्या टपरीवर तिच्यावर आवाज चढवू लागला, तर ही म्हणाली, "हळू बोल रे. तुझं नाक जन्मतः बटाट्यासारखं होतं, मी रोज तेल लावून ओढलं म्हणून आज बायको मिळाली." टपरी हसली आणि मेंबरही हसला. तिचं बोलणं कुणी मनावर घेत नसे, कारण तिच्या हातावर सगळ्यांचा विश्वास होता. नवरा लवकर गेला, मुबशिरा नावाची एकच मुलगी, तिला याच हातांवर वाढवली, शिकवली, मंजेरीकडच्या चांगल्या घरात दिली. बियात्तूची कमाई म्हणाल तर ही एवढीच: हात आणि त्या हातांचं नाव.

आणि या नावाला मोठ्या घरांची दारं उघडून दिली होती हज्जुम्मांनी. गावातलं सगळ्यात मोठं घर त्यांचं. हजला जाऊन आल्यापासून त्यांचं खरं नाव फक्त रेशनकार्डावर उरलं होतं. हज्जुम्मा "बियात्तूलाच बोलवा" म्हणाल्या की पलीकडच्या तीन गावांतूनही रिक्षा यायची. त्यांच्या घरची विहीर म्हणजे तर विचारूच नका. उन्हाळ्यात आटत नाही, पाणी शहाळ्यासारखं गोड, असं हज्जुम्मा सांगत. ऐकणारा "खरंय, खरंय" म्हणे, कारण एप्रिलमध्ये त्याला तिथेच घागर घेऊन यायचं असे. विहिरीत त्यांनी मरळ मासे सोडले होते. पाणी स्वच्छ ठेवतात म्हणे. एक मरळ तर एवढा म्हातारा होता की हज्जुम्मा त्याला कठड्यावरून हाक मारत.

ही गोष्ट घडली त्याच्या आदल्या वर्षी आसपास तळ्यात पोहलेली पोरं मेंदूज्वराने दगावली. मेंदू खाणारा अमीबा म्हणतात त्याला. नाकातून शिरतो आणि थेट डोक्यात जातो. पाणी प्यायलं तर काही होत नाही, नाकात गेलं तर घात. पंचायतीच्या बायका ब्लीचिंग पावडर घेऊन विहिरी-विहिरी फिरल्या. हज्जुम्मांनी त्यांना चहा दिला, केळ्याची गरम भजी दिली आणि फाटकापर्यंत पोचवून आल्या.

"माझे मासे मरतील त्या पावडरीने," त्या म्हणाल्या. "आणि हा रोग तळ्यात डुंबणाऱ्या टवाळ पोरांचा. माझ्या विहिरीत कोण डुंबतंय?"

मग त्यांच्या धाकट्या सुनेला, रिन्शाला, मुलगा झाला. नवरा जसील सौदीत, दमामला कामाला. बाळाचं नाव हैसम. बियात्तू रोज सकाळी यायची. पोफळीच्या झावळीच्या रुंद, खोलगट विरीत बाळाला निजवायची, घरी काढलेल्या खोबरेलाने चोळायची, मुगाचं पीठ लावायची आणि पाला घालून उकळलेल्या पाण्याने न्हाऊ घालायची. रिन्शा तेव्हा आतल्या खोलीत तेल माखून पडलेली असायची. बाळाच्या न्हाणीवर देखरेख हज्जुम्मांची.

न्हाणीचा शेवट गार पाण्याने करायचा, ही त्या घरची रीत. ताजं शेंदलेलं पाणी, त्यातले चार थेंब नाकपुडीत, वर एक फुंकर. नाक मोकळं होतं, बाळ धीट होतं, असा समज.

"उकळून निववलेलं ठेवलंय, हज्जुम्मा," पहिल्याच दिवशी बियात्तू म्हणाली होती. "आशाताई सांगून गेल्यात, नाकात साधं पाणी नको."

"आशा काल जन्मली! तुझ्या उम्माने, तुझ्या सख्ख्या आईने, माझ्या जसीलला याच विहिरीच्या पाण्याने न्हाऊ घातलं. मेला का तो? दमाममध्ये क्रेन चालवतोय."

बियात्तू हसली आणि बादली विहिरीत सोडली. मोठ्या घरात वाद घालणाऱ्या बाईला दुसऱ्या बाळंतपणाला बोलावत नाहीत, हे काय तिला कुणी सांगायला हवं होतं? हुकूम त्यांचा, हात हिचे. बाळ शिंकलं आणि सगळ्या बायका माशाल्ला म्हणाल्या.

चाळीस दिवस भरत आले होते, तेव्हा बाळाला ताप चढला. दूध तोंडात धरेना. रडणं बारीक, ताणलेलं झालं. इतक्या वर्षांत तसं रडणं बियात्तूने ऐकलं नव्हतं. तालुक्याच्या डॉक्टरने औषध दिलं आणि दुपारी आकडी आल्यावर शहरात न्यायला सांगितलं. गाडीत रिन्शाला धरून बियात्तूच बसली. ओली बाळंतीण, तिला सावरायला दुसरं कोण येणार?

शहरातल्या मोठ्या इस्पितळात बाळाच्या पाठीच्या कण्यातून पाणी काढलं. दुसऱ्या दिवशी दुपारी डॉक्टर स्मिजा बाहेर आल्या. तरुण बाई, डोळ्यांखाली काळं, चपला उलट्या पायांत घातल्यासारखी चाल.

"मेंदूज्वर आहे हे नक्की," त्या म्हणाल्या, "पण नेहमीचे जंतू सापडत नाहीत आणि औषध काही लागू पडत नाही. बाळाला कुठे तळ्यावर, ओढ्यावर नेलं होतं?"

"चाळीस दिवसांच्या बाळाला?" हज्जुम्मा म्हणाल्या. "आमच्यात उंबऱ्याबाहेर काढत नाहीत."

"अंघोळीचं पाणी कुठलं?"

"उकळलेलं. आमच्या घरी बिनउकळलेलं पाणी बाळाच्या नखालाही लागत नाही."

किती सहज बोलल्या त्या! सगळ्या गावाला माहीत होतं की पावडरवाल्यांना त्यांनी भजी खाऊ घालून परत धाडलं होतं. उद्या दमामहून जसील विचारेल तेव्हा काय सांगायचं, हे त्यांच्या डोक्यात आधी आलं असणार. नातवापेक्षा आधी? ते त्यांनाच ठाऊक. डॉक्टरबाईंनी मान हलवली आणि त्या वळल्या.

बियात्तू भिंतीला टेकून उभी होती. गप्प राहणं फार सोपं होतं. तिला कुणी विचारलंच नव्हतं. आणि कशावरून तेच कारण असेल? इतकी बाळं त्या पाण्याने न्हाली. बोललं तर हज्जुम्मांचं घर गेलं, आणि ते गेलं की बाकीची घरं आपोआप गेली. हे सगळं तिच्या मनात आलं, नाही असं नाही. ती काही पीर-अवलिया नव्हती. पण काचेपलीकडे ते बाळ होतं, आणि त्याच्या नाकात रोज थेंब कुणी सोडले ते तिला चांगलं माहीत होतं.

"डॉक्टर," ती म्हणाली. "उकळलेलं नव्हतं. शेवटचं पाणी विहिरीतलं असायचं. नाकात घालायचो."

डॉक्टरबाई थांबल्या. "नाकात?"

"हो. मी घातलं. रोज."

"विहिरीत क्लोरीन?"

"कधीच नाही. मासे आहेत."

डॉक्टर स्मिजा धावत गेल्या. खरोखर धावत, एक चप्पल दारातच राहिली.

हज्जुम्मांनी बियात्तूकडे पाहिलं. आवाज अजिबात न चढवता त्या म्हणाल्या, "मी तुला बजावलं नव्हतं का गं, उकळूनच घाल म्हणून?"

बियात्तूला क्षणभर कळेचना की ही बाई कुणाशी बोलतेय. तिने रिन्शाकडे पाहिलं. रिन्शा खाली फरशीकडे बघत होती.

बाळाच्या पाठीतून काढलेलं पाणी पुन्हा सूक्ष्मदर्शकाखाली ठेवलं, या वेळी अमीबाच शोधायला, आणि त्यात तो सरपटताना दिसला. मग औषधं सुरू झाली, एक ना दोन. त्यातलं एक परदेशातून येतं, सरकारच्या कोठारात मोजकंच असतं. ते पोलिसांच्या गाडीतून आलं. एवढ्याशा जिवाला ते किती द्यायचं हे कुठल्या पुस्तकात धड लिहिलेलं नाही म्हणे. डॉक्टर स्मिजा फोनवर कुणाकुणाला विचारत होत्या, एका थेंबावरून वाद घालत होत्या. कितीतरी दिवस बाळ नळ्यांमध्ये होतं. लोकांनी नवस बोलले, मशिदीत दुआ झाली, नायरांच्या काकूंनीही देवीला दिवा लावला. या रोगातून मूल वाचलं असं फार क्वचित ऐकू येतं. हैसम वाचला.

डॉक्टरबाई हज्जुम्मांना म्हणाल्या, "आमचं कौतुक नंतर करा. या उम्मा बोलल्या नसत्या तर आम्ही भलतीच औषधं देत बसलो असतो." हे वाक्य इस्पितळाच्या फाटकाबाहेर काही आलं नाही. बाहेर आलं ते दुसरंच: बियात्तूने बाळाच्या नाकात घाण पाणी घातलं, तिने स्वतःच्या तोंडाने कबूल केलं, आणि अल्लाच्या मेहेरबानीने बाळ वाचलं. यातलं पहिलं आणि दुसरं खोटं आहे असं तिला म्हणता येईना. खोट्याशी भांडता येतं हो, अर्ध्या खऱ्याशी कसं भांडणार?

मदरशाच्या हॉलमध्ये सत्कार झाला. डॉक्टरांचा, औषध आणणाऱ्या पोलिसांचा, पंचायतीच्या अध्यक्षांचा, आणि धीर न सोडल्याबद्दल हज्जुम्मांचाही. बिर्याणी होती. बियात्तूला बोलावणं नव्हतं, पण वास तिच्या घरापर्यंत येत होता. हज्जुम्मांच्या विहिरीत सरकारी माणसांनी पावडर ओतली आणि मरळ पोट वर करून तरंगले. तेव्हा हज्जुम्मा मोठमोठ्याने रडल्या. बघायला सगळं गाव गेलं होतं, सांत्वनाला.

रिक्षा यायच्या बंद झाल्या. ज्यांच्या घरी वार ठरलेला होता, त्यांनी "सध्या पाहुणे आहेत" असं सांगितलं. रस्त्यात बायका लेकरांना तिच्या बाजूच्या कडेवरून दुसऱ्या कडेवर घ्यायच्या. मेंबरने टपरीवर, ताईला लावतात तसा 'त्ता' लावून, विनोद केला, "बियात्तूत्ता, माझं नाक सरळ केलंत, आत काही सोडलं नाहीत ना?" टपरी हसली. बियात्तू अर्धा चहा तसाच ठेवून घरी निघाली.

एकदा रिन्शाचा फोन आला. ती बियात्तूला ताई या अर्थी इत्तात्ता म्हणायची. आवाज इतका हळू की पंख्याखाली ऐकू येईना. "इत्तात्ता, तुम्ही बोललात म्हणून माझं बाळ आहे. मी रोज तुमच्यासाठी दुआ करते."

"मग हे एकदा चारचौघांत बोल ना, मोले, माझ्या पोरी."

पलीकडे दार ओढून घेतल्याचा आवाज आला. "मला याच घरात राहायचंय, इत्तात्ता."

बियात्तूने फोन ठेवला. तीही त्याच घराच्या हुकमात राहिली होती.

मग मुबशिराला दिवस गेले. आमच्यात पहिलं बाळंतपण माहेरी. बियात्तूच्या अंगात जीव आला. बाकीच्यांनी टाकलं तर टाकलं, ही तर आपली पोटची पोर! तिने नारळाचं दूध आटवून खोबरेल काढलं, नवी विरी उन्हात वाळवली, घराच्या विहिरीत आपल्या हाताने पावडर टाकून घेतली, एकदा नव्हे दोनदा. मुलगी झाली. इस्पितळातून घरी आल्या त्या सकाळी बियात्तूने पदर खोचला आणि हात पुढे केले.

मुबशिराने बाळ दिलं नाही.

"उम्मा, न्हाऊ घालायला मंजेरीहून बाई येणारेय. कंपनीची. त्यांनी पैसे भरलेत आधीच."

"त्यांनी म्हणजे? तुझ्या सासूने?"

"हो."

"सासूला सांग, घरची बाई असताना परक्या बाईचे हात कशाला? तिला माहीत नसेल, तुला तर माहीत आहे ना? तिथे काय झालं, कुणी काय सांगितलं होतं, सगळं तुला सांगितलंय मी."

"माहीत आहे गं उम्मा. तुझी चूक नव्हती, माहीत आहे."

"मग?"

मुबशिरा रडायला लागली. "सासूचं काय घेऊन बसलीस. त्यांनी काही म्हटलं नसतं तरी मी... माहीत असणं वेगळं आणि बाळ हातात देणं वेगळं, उम्मा. मला झोप लागणार नाही."

बियात्तूने हात खाली घेतले. चिडावं असं फार वाटत होतं, आणि चिडता आलं असतं तर बरंही वाटलं असतं. पण आपण मुबशिराच्या जागी असतो तर आपणही हेच केलं असतं, हे तिच्या मनात आलं, आणि तिला त्याचाच सगळ्यात जास्त राग आला.

कंपनीची बाई आली. गुलाबी गणवेश, हातात रबरी मोजे, वयाने मुबशिरापेक्षा लहान. बाळाला कसं धरावं ते मोबाइलमध्ये बघून आल्यासारखं धरत होती. बियात्तूला ओळखत नसावी, कारण फार गोड आवाजात म्हणाली, "उम्मा, तेवढं पाणी उकळून द्याल का? निववायला वेळ लागेल."

बियात्तू स्वयंपाकघरात गेली. पातेलं घासलं, पाणी भरलं, चूल पेटवली. मागे पावलं वाजली. बाळंतीण मुबशिरा भिंतीला धरत धरत उठून आली होती.

"तू कशाला उठलीस? जा, पड जाऊन. आणते मी उकळून."

मुबशिराची नजर पातेल्यावर होती. पाण्याला उकळी फुटेपर्यंत ती तिथेच उभी राहिली.