बिनउकळीची मरळ

माझा थोरला भाऊ वजनकाट्यावर उभं राहायला आयुष्यात दोनदा घाबरला. पहिल्यांदा तो अठरा वर्षांचा होता आणि सैन्यभरतीच्या रांगेत उभा होता. वजन थोडं कमी भरत होतं म्हणून पहाटेच त्यानं डझनभर केळी खाल्ली आणि वर तांब्याभर पाणी प्यायलं. आमच्या पाटणच्या डोंगरातली बरीच पोरं तेव्हा असंच करत. तो भरती झाला, आणि घरात एक मिळवता माणूस आला म्हणून मला सातारच्या वसतिगृहात राहून शिकता आलं. आमच्या घरात पदवी घेणारा मी पहिला. दुसऱ्यांदा तो घाबरला तेव्हा त्रेपन्न वर्षांचा होता, हवालदार होऊन निवृत्त झाला होता, आणि वजनकाटा मिरजेतल्या एका दवाखान्यातला होता.

दादाच्या गालाला आतून गाठ झाली होती. तंबाखूची. ऑपरेशन झालं होतं आणि आता सहा आठवडे रोज लाइट घ्यायची होती. किरणांच्या उपचाराला आमच्याकडे सगळे लाइटच म्हणतात. त्यासाठी तो सांगलीत माझ्याकडे राहायला आला. वहिनी गावी म्हशींपाशी अडकलेल्या, त्या फक्त रविवारी यायच्या. माझी बायको शाळेत शिकवते, ती संध्याकाळी घरी यायची. माझे कॉलेजातले तास मात्र सकाळी साडेदहाला संपायचे. म्हणून दादाला मिरजेला नेणं आणि त्याचं जेवण, दोन्ही माझ्या वाट्याला आलं. तोवर मी चहापलीकडे काही केलं नव्हतं.

तिसऱ्या आठवड्यात त्याचं तोंड आतून सोलवटून निघालं. तिखट तर बंदच होतं, आता ताकानंही त्याच्या डोळ्यांत पाणी यायला लागलं. अंडी पाहिली की तो तोंड फिरवायचा. दर सोमवारी वजन व्हायचं. डॉक्टरीणबाईंनी आम्हाला स्पष्ट सांगितलं, वजन अठ्ठेचाळीस किलोच्या खाली गेलं की नाकातून नळी घालून अन्न द्यावं लागेल. त्यात घाबरण्यासारखं काही नाही, पुष्कळ पेशंटना घालतो, असंही त्या म्हणाल्या. दादा तिथं मान हलवत राहिला. घरी आल्यावर चपला काढता काढता म्हणाला, "नळी घालायची न्हाई. नळी घातली की मी गावच्या एसटीत बसलो म्हनून समज."

लष्कराच्या दवाखान्यात त्यानं आपल्या एका जोडीदाराला अशी नळी घातलेली पाहिली होती. तो जोडीदार परत आला नाही. तेव्हापासून दादाच्या लेखी नळी म्हणजे शेवट. मी पुष्कळ समजावलं, पण त्याच्या मनातलं ते चित्र काही मला पुसता येईना. आणि लाइट अर्ध्यावर सोडली तर आजवर सोसलेलं सगळं वाया जाईल, हे डॉक्टरीणबाईंनी मला एकट्याला बाजूला घेऊन सांगितलं होतं.

दवाखान्यात आहार सांगणारी एक मुलगी बसायची. तिनं सुचवलं, मासा द्या. बिनकाट्याचा, पाण्यात शिजवलेला, मऊ. पाण्याला उकळी येऊ देऊ नका. मी वहीत लिहून घेतलं: मासा, पाणी, चिमूटभर मीठ. उकळीचं लिहिलं नाही. शिजवायचं आणि उकळायचं नाही, हे मला नुसतं बोलण्यापुरतं वाटलं.

आम्ही मटणाची माणसं. आमच्याकडे मटण आधी हळद, मीठ, कांदा घालून नुसतं शिजवतात. त्या बिनतिखटाच्या पाण्याला आळणी म्हणतात, आणि पोराबाळांना, आजाऱ्याला ती वाटीभर मिळाल्याशिवाय रश्शाला फोडणी पडत नाही. मला वाटलं, आजाऱ्यासाठी मासा म्हणजे माशाची आळणी. मी रोहूचे तुकडे आणले, हळद-मीठ घालून कुकरात ठेवले आणि तीन शिट्ट्या केल्या. झाकण काढलं तर आत मासा असा राहिलाच नव्हता. पिवळ्या पाण्यात भुगा आणि केसासारखे काटे तरंगत होते. मी ताटात घेऊन अर्धा तास काटे वेचले. मग वाटी दादापुढे ठेवली.

तिसऱ्या घासाला तो थांबला. दोन बोटं तोंडात घालून त्यानं एक बारीक काटा काढला. काट्याच्या टोकाला रक्त होतं. तो उठून बेसिनशी गेला आणि बराच वेळ नळ सोडून उभा राहिला. त्यानंतर दोन दिवस त्यानं पातळ दुधाशिवाय काही घेतलं नाही.

सोमवारी वजन भरलं अठ्ठेचाळीस किलो नऊशे. मला फार बरं वाटलं. येताना मी गाडी जरा जोरातच चालवली. घराखाली गाडी लावली आणि साखळी काढायला हात घातला, तर हँडलवर साखळी नव्हती. सकाळी कुलूप उघडून मीच ती तिथं अडकवली होती. मी शोधायला लागलो तसा दादानं जिन्याकडं एकदा पाहिलं आणि शर्ट वर केला. साखळी त्याच्या कमरेला दोन वेढे घालून बसली होती, कुलपासकट.

"केळी खाता येत न्हाईत आता," तो म्हणाला.

मला हसू आलं, आणि लगेच कळलं की हसण्यासारखं काही नाही. साखळी किलोभराच्या वरच असणार. म्हणजे तो अठ्ठेचाळीसच्या रेषेच्या खाली गेलाच होता. माझा चेहरा पाहून तो म्हणाला, "धरलंस की मास्तर, कापी करताना." मी परीक्षेच्या हॉलमध्ये पोरांना धरतो, पण त्याला धरणं मला जमलं नाही. मी डॉक्टरीणबाईंना सांगणार नाही असं कबूल केलं. ते चूक होतं हे मला तेव्हाही कळत होतं. अट एवढीच घातली की पुढच्या सोमवारी साखळी नाही, आणि तोवर मी शिजवीन ते खायचं.

"काटा?"

"असणार नाही."

"बघू मग."

दुसऱ्या दिवशी मी मासळीबाजारात गेलो. एका मावशींच्या पाटीपुढे उभा राहून, लाज न बाळगता, कुकरापासूनचं सगळं सांगितलं. हातातला कोयता खाली ठेवून त्यांनी ऐकलं. मग म्हणाल्या, "तीन शिट्ट्या? मासा काय बोकड हाय व्हय सर?" शेजारच्या दोघी हसल्या. मावशी मात्र हसल्या नाहीत. रोहूच्या मांसातच बारीक काटे असतात, ते कुणाच्या बापाला वेचता येत नाहीत, आजाऱ्याला मरळ द्यायची, असं त्यांनी मला समजावलं. मरळ पाण्याच्या टपात जिवंत होती. एरवी त्या आडवे तुकडे पाडतात. माझ्यासाठी त्यांनी मधल्या काट्याच्या दोन्ही अंगांनी सुरी शेपटीपर्यंत चालवली, कातडं सोललं आणि दोन लांब, गुलाबी पट्ट्या माझ्यापुढे ठेवल्या. माझं बोट धरून त्यावरून उलटं फिरवलं. "डोळ्याला दिसत न्हाई, बोटाला कळतंय. रोज असं बघायचं."

तरी पहिला प्रयत्न फसलाच. मी उकळत्या पाण्यात पट्टी सोडली, ती आक्रसून वाकडी झाली. दादानं दोन चमचे खाल्ले आणि मान हलवली. लाइटमुळे त्याच्या तोंडात लाळच उरली नव्हती, कोरडा मासा टाळूला चिकटत होता. आहारवाल्या मुलीला फोन केला. ती म्हणाली, दुधात शिजवा, आणि गारच पातेल्यात ठेवून सुरुवात करा. मी हे वहिनींना फोनवर सांगितलं. त्या म्हणाल्या, "दुधात मासा? अंगावर कोड फुटंल, भावजी." मी म्हणालो, शास्त्रात याला काही आधार नाही. त्यावर त्या म्हणाल्या, "तुमचं शास्त्र कालिजात ठिवा. ह्यांना दूधमासा द्यायचा न्हाई."

मी फोन ठेवणार तेवढ्यात त्यांनीच विचारलं, दुधानं नेमकं काय होणार होतं? मी म्हणालो, मासा मऊ राहतो, ओलसर राहतो. त्या म्हणाल्या, "मग भात वेळा, आन् ते पानी घ्या की."

वेळलेल्या भाताचं पाणी म्हणजे पेज. लहानपणी तापात आम्ही तीच प्यायलो होतो. मी भात जरा जास्त पाण्यात शिजवला, वरचं पांढरं दाटसर पाणी पसरट पातेल्यात काढून गार केलं, त्यात चिमूटभर मीठ आणि कोथिंबिरीचे देठ टाकले. मरळीची पट्टी आत ठेवली आणि गॅस अगदी बारीक केला. मग हलायचं नाही. तळाशी मोहरीएवढे बुडबुडे धरायला लागतात. ते सुटून वर यायला लागले की पातेलं क्षणभर उचलायचं. पहिला प्रयत्न फसल्यावर मावशींनीही बजावलं होतं, पाणी जागचं हलता कामा नये. हळूहळू काचेसारखं मांस कडेनं पांढरं व्हायला लागतं. मध्यापर्यंत पांढरं झालं की गॅस बंद, वर झाकण, आणि पाच मिनिटं हात लावायचा नाही. मग चमच्याची कड लावली की पाकळ्या आपोआप सुटतात.

वाटीत दोन पाकळ्या आणि वरून तीच पेज घालून मी दादाकडे नेली. त्यानं आधी पाकळी जिभेवर नुसती धरली. मी त्याच्या बोटांकडे पाहत होतो, तोंडाकडे जातात का म्हणून. ती वाटीवरच राहिली. त्यानं गिळलं. दुसरा घास घेतला. वाटी संपवायला त्याला पाऊण तास लागला. संध्याकाळी त्यानं स्वतःच विचारलं, उरलंय का.

त्या आठवड्यात मी रोज सकाळी तास संपले की बाजारात, तिथून घरी, मग मिरजेला असं केलं. दोन वेळा मरळ व्हायची. रविवारी वहिनी आल्या आणि माझ्यामागे उभ्या राहून पाहत राहिल्या. मी गॅसचं बटण केसभर मागे-पुढे करत होतो. म्हणाल्या, "एवढं जपून तर मी बाळंतिणीचंबी शिजवलं न्हाई कवा."

सोमवारी निघताना दादानं साखळी स्वतःच्या हातानं हँडलला अडकवली आणि दोन्ही खिसे उलटे करून मला दाखवले. वजन भरलं अठ्ठेचाळीस किलो शंभर. रेषेच्या वर. पण डॉक्टरीणबाईंनी मागचा कागद काढला आणि त्यांचा चेहरा बदलला. एका आठवड्यात आठशे ग्रॅम उतरले, म्हणाल्या. असंच चाललं तर थांबण्यात अर्थ नाही, आजच नळी घालू. त्यांनी नर्सला बोलवायला सांगितलं.

जे वजन वाढलं होतं तेच आमच्या खोटेपणामुळे कमी झालेलं दिसत होतं. मी तोंड उघडलं, पण दादा आधी उठला. "मॅडम, दोन मिंटं थांबा," म्हणाला आणि बाहेर गेला. मला वाटलं, हा आता एसटी स्टँडवर जातो. मी मागे पळणार तेवढ्यात तो जिना चढून वर आला, धापा टाकत, हातात साखळी. त्यानं ती वजनकाट्यावर ठेवली. एक किलो दोनशे.

"ही मागल्या सोमवारची," तो म्हणाला. "कमरंला हुती."

डॉक्टरीणबाईंनी कागदावर वजाबाकी केली. मागच्या सोमवारी तो सत्तेचाळीस किलो सातशे होता. म्हणजे चारशे ग्रॅम वाढले होते. त्यांनी चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं. "तुम्हाला माहीत होतं?" मी हो म्हणालो. "तुम्ही शिकवता ना?" एवढंच त्या म्हणाल्या. मग त्या दादाकडे वळल्या आणि विचारलं, काय खाता.

"मरळ," दादा म्हणाला. "पेजंत. उकळू न देता."

त्यांनी नळी आठवडाभर पुढे ढकलली. मात्र आता वजन दर सोमवारी आणि गुरुवारी, आणि पायजमा-बनियनवर. उरलेल्या दिवसांत ते कधी शंभर ग्रॅम वर, कधी खाली होत राहिलं, पण रेष ओलांडून खाली गेलं नाही. सहा आठवडे पुरे करून दादा एसटीत बसला, तेव्हा त्याच्या नाकात काही नव्हतं.

पुढं उन्हाळ्यात मी गावी गेलो. वहिनींनी आम्हा सगळ्यांसाठी माशाचा लालभडक रस्सा केला आणि दादासाठी मी त्यांच्याच गॅसवर पेजेत मरळ शिजवली. त्याला तिखट अजून सोसत नाही. जेवताना मी त्याला विचारलं, सांगलीत असताना पहिल्या दिवशी कसं लागलं होतं रे? खरं म्हणजे मला जरा कौतुक ऐकायचं होतं.

"चव कुठली रं," तो म्हणाला. "माती आन् मासा सारखाच लागायचा तवा."

त्यानं चमच्यानं एक पाकळी सोडवली, आता सवयीनं, न मोडता.

"पर टोचत न्हवतं," म्हणाला, आणि वाटी माझ्यापुढे सरकवली. "घाल आनखी."