चाल : पारंपरिक

रोह्याच्या हॉलमध्ये नाटकाच्या प्रयोगाआधी पत्रिका वाटल्या. मी माझी उघडली. वर ठळक अक्षरांत 'संगीत', पुढे दादाचं नाव. खाली बारीक टायपात, 'मिठागराचं गाणं, चाल : पारंपरिक'. अगदी तळाला माझं नाव. पेटीची साथ.

ती चाल माझी होती.

दादा म्हणजे आमच्या पेणच्या नाट्यमंडळाचा संगीतकार, सगळे त्याला दादाच म्हणतात. त्याच्या घरात दोन पिढ्या शिक्षक. मी पत्रिका घेऊन त्याच्याकडे गेले. तो साउंडवाल्याशी बोलत होता. पत्रिका बघून हसला.

"अगं, ते तुमच्या मिठागरवाल्यांतलंच ना? लग्नात म्हणता तसलं. तुला सुचावं कुठे लागतं, तुमच्या रक्तातच असतं ते."

साउंडवाल्याने मान डोलावली. मी परत पेटीपाशी जाऊन बसले. लाज वाटत होती, पण कशाची ते कळेना.

खरं सांगते, मी दादावर आधीपासून जळत होते. त्याच्या घरी तानपुरा. शिकवायला बुवा घरी यायचे. मी पेटी शिकले ती गावच्या भजनात, वाजवणाऱ्याची बोटं बघून बघून. पेणला रामवाडीतल्या तालमीत दादाने नवी चाल वाजवली की सगळे म्हणायचे, "काय सुचलंय दादाला!" त्या 'सुचलंय'साठी माझा जीव तुटायचा. माझ्याबद्दल कुणी एकदा तरी म्हणावं. आणि चाली चांगल्याही असायच्या मेल्याच्या. त्याचंच जास्त दुखायचं.

माझी चाल झाली रोह्याजवळच्या धाटावच्या कंपनीत, कामावर. पॅकिंगला, पहिल्या शिफ्टला, मास्कच्या आत गुणगुणत. तीन आठवडे अंतरा अडून बसला होता. मग एकदा तालमीला पेणला जाताना एसटीत तो एकदम उघडला, थेट वरच्या सा ला गेला. मी तिथेच मोबाईलमध्ये गाऊन ठेवला. शेजारची बाई बघतच राहिली. त्याच दिवशी तालमीत गाऊन दाखवली, आणि दादाने ती मिठागराच्या गाण्याला घेतली. रक्तात असता तर तीन आठवडे कशाला लागले असते?

प्रयोग झाला. त्या गाण्याला टाळ्या थांबेनात. शेवटी पाहुण्यांनी दादाला शाल घातली आणि म्हणाले, "असं जुनं गाणं तुम्ही शोधून काढलंत, मोठं काम केलंत."

पहिल्या रांगेत माझी आई होती. तिची उमर मिठागरात गेली. आजूबाजूच्या गावांत लग्न असलं की धवले म्हणायला, म्हणजे विधींची गाणी गायला, तिलाच नेतात. ती बसल्या जागेवरून बोलली, "आमचेत आसा गाना नाय. आसता तं मना म्हाईत नसता?"

हॉल हसला. दादा माईकवर गोड आवाजात म्हणाला, "मावशी, वय झालं, विसरल्या असाल."

आई पदर सारखा करत खाली बघत राहिली. लग्नाचे चार दिवस पुरतील एवढे धवले जिला पाठ, तिला हा विसराळू ठरवत होता. माझा अपमान मी गिळला होता. हा गिळवेना.

पेटीपुढचा माईक चालूच होता. मी उठले.

"आई विसरली नाय. चाल माझी हाय. मी केलीय."

टाळी एकही पडली नाही. पाहुणे घड्याळ बघायला लागले, कुणीतरी पडदा पाडला.

दुसऱ्या दिवशी दादाचा फोन आला. "एवढं काय मनाला लावून घेतेस? पेणच्या प्रयोगाला ये."

मी म्हटलं, "नाव छापा, नायतर गाणं काढा."

त्यांनी गाणं काढलं. त्या जागी दादाने नवी चाल बांधली. फार छान झालीय म्हणतात. ऐकलं की आजही पोटात आग पडते, आणि ती विझावी असं मला वाटत नाही.

आता रोह्याशेजारच्या अष्टमी गावातल्या बायकांचं एक नाटक करतेय. पाच गाणी, पाची चाली माझ्या. पहिल्याच तालमीला सांगून टाकलं, 'संगीत' म्हणून माझं नाव जाईल, आडनावासकट. मी मेल्यावर शंभर वर्षांनी खुशाल पारंपरिक म्हणा. जिवंत आहे तोवर नाव घ्यायचं.